नुसता चहा

परवा पुण्यात घराजवळ नवीनच उघडलेल्या एका चहाच्या दुकानात गेले होते. हल्ली अशी दुकानं फार झाली आहेत. भिंतीवर धुक्यातल्या डोंगरांचे फोटो, काचेच्या बरण्या, बरणीवर मळ्याचं नाव आणि आत मूठभर पानं. काउंटरवरच्या मुलीनं काचेच्या किटलीत पाणी ओतलं आणि पाठ केलेली माहिती सांगायला सुरुवात केली. हा किती उंचीवरचा, कुठल्या ऋतूतला, कुणी खुडलेला. माझ्या तोंडून एकदम निघून गेलं, "गप बसा, पान उठायलंय." ती बिचारी दचकली आणि मीही दचकले. कारण ते वाक्य माझं नव्हतं. ते हैदराबादच्या मनोहरकाकांचं होतं, आणि मनोहरकाका आता नाहीत.

नोकरीपायी मी हैदराबादला बरीच वर्षं काढली. बरकतपुऱ्यात आमचं घर पहिल्या मजल्यावर आणि रस्त्यापलीकडे काकांचं दुकान. पाटीवर मराठीत, तेलुगूत आणि इंग्रजीत एकच नाव होतं, 'नुसता चहा'. हैदराबादेत मराठी पाटी बघून मला कोण आनंद झाला! तो आत शिरेपर्यंतच टिकला. मी सवयीनं म्हटलं, "काका, एक स्पेशल द्या. साखर कमी."

"साखर नाही," ते म्हणाले.

"बरं, बिनसाखरेचा चालेल."

"दूध बी नाही."

"संपलं का?"

"आणलंच नाही. आणणार बी नाही. बसा. पुण्याच्या का?"

ते त्यांनी कशावरून ओळखलं हे विचारायची मला हिंमत झाली नाही.

बुटका, गोल माणूस. पांढरा शर्ट, खांद्यावर स्वच्छ पंचा आणि चष्मा कायम कपाळावर चढवलेला. किटलीत पानं पडली की चष्मा खाली यायचा. आधी ते रिकामी किटली गरम पाण्यानं विसळून घ्यायचे, पानं घातली की झाकण उघडून नाक आत घालायचे आणि मग पाणी ओतायचे. त्यानंतर पानं फुलून वर उठेपर्यंत दुकानात कुणी बोललेलं त्यांना खपायचं नाही. टेबलावर एक वाळूचं घड्याळ होतं. त्यातली वाळू सरेपर्यंत गिऱ्हाइकानं हाताची घडी घालून बसायचं. फोनवर कुणी मोठ्यानं बोलायला लागला की काका ओठांवर बोट ठेवायचे आणि म्हणायचे, "गप बसा, पान उठायलंय." घड्याळाकडं दुर्लक्ष होऊन पान जास्त वेळ पाण्यात राहिलं, तर आख्खी किटली ते आपल्यादेखत मोरीत ओतून द्यायचे आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचे. चहा पिऊन झाला की भिजलेली पानं बशीत काढून प्रत्येकाला दाखवायचे, नातवाचा फोटो दाखवावा तशी. "बघा, देठ बघा. काल खुडल्यासारखं दिसतंय की नाही?" आपण हो म्हटल्याशिवाय बशी उचलली जायची नाही.

नियम बरेच होते. दूध नाही, साखर नाही, बिस्कीट बुडवायचं नाही. आणि हैदराबादच्या माणसाला सर्वांत जड जाणारा नियम म्हणजे 'वन बाय टू' नाही. त्या शहरात दोन मित्र हॉटेलात शिरले की एक चहा मागवतात आणि अर्धा अर्धा पितात. चहापेक्षा ते बसणं महत्त्वाचं असतं. काकांकडे माणशी एक किटली, नाहीतर बाहेर पानपट्टीच्या ठेल्यावर उभं राहा. रोजच्या गिऱ्हाइकांतले हमीदभाई यावर फार कुरकुरायचे. हमीदभाईंनी मलकपेठच्या रेसकोर्सवर घोड्यांची देखभाल करण्यात उमर घालवली होती. ते सकाळचा चहा मलकपेठेत प्यायचे आणि संध्याकाळचा इथे. कारण विचारलं तर म्हणायचे, "सुबह पेट का, शाम को नाक का."

त्यांचा सकाळचा चहा कुठला, हे कळल्यावर मला काका कळायला लागले.

मलकपेठेतलं ते हॉटेल काकांच्या थोरल्या भावाचं, किशनरावांचं. त्यांना सगळे अण्णा म्हणत. मूळचं घराणं नांदेडकडचं, शेती करणारं. वडील, म्हणजे आबा, तरुणपणी हैदराबादला आले, एका इराण्याच्या हॉटेलात कपबशा धुवायला लागले आणि बघून बघून दम लावायला शिकले. मोठ्या भांड्यात पत्ती आणि पाणी, झाकणाच्या कडेला कणकेचा लेप आणि खाली मंद आच. दुसऱ्या भांड्यात दूध आटत राहतं. गिऱ्हाईक आलं की दोन्ही एकत्र. आबांनी पुढं स्वतःचं हॉटेल काढलं आणि दोन्ही मुलं त्या भांड्यापाशी मोठी झाली. अण्णा गल्ल्याशी बसले तरी दमाचं झाकण स्वतःच उघडायचे. काका पत्तीची खरेदी बघायचे. अर्धा जन्म त्यांचा त्यात गेला.

एकदा पत्ती बघायला म्हणून ते नीलगिरीत गेले. तिथं डोंगराच्या उतारावर एका बाईचा लहानसा मळा होता. ती मोठ्या कारखान्याला पानं विकायचं सोडून, हिवाळ्यातली कोवळी पानं घरातच हातानं वळून, सुकवून चहा करत होती. तिनं काकांना पितळी पेल्यात त्यातला थोडा प्यायला दिला. ही गोष्ट काका सांगायचे तेव्हा पुढं काय झालं ते त्यांना कधीच नीट सांगता आलं नाही. "काय सांगू बाई," ते म्हणायचे, "गवताचा वास, कच्च्या पेरूचा वास, आणि त्याच्या मागं आणखी कायतरी. मी पत्ती विकत घेत म्हातारा झालो आणि चहा कसा लागतो ते मला त्या दिवशी समजलं." तो चहा जर्मनीला आणि जपानला जातो, पाकिटावर त्या बाईचं नाव असतं, हे तिनं सांगितल्यावर तर ते खचलेच. आपल्या देशाचं चांगलं पान पिढ्यान्‌पिढ्या जहाजावर चढलं आणि खाली राहिलेली भुकटी आपण उकळून प्यायलो, असं त्यांच्या मनानं घेतलं.

तिथून परत आले ते तडक हॉटेलात. सकाळची वेळ, सगळी टेबलं भरलेली. अण्णा नेमके झाकणाचा लेप फोडत होते. काका सगळ्यांसमोर म्हणाले, "अण्णा, आपण चहा करत नाही. आपण चहा शिजवून मारतो."

अण्णांनी हातातलं झाकण खाली ठेवलं. "मग मुडद्यापाशी कशाला उभा राहतोस?" एवढंच म्हणाले.

काका निघाले आणि बरकतपुऱ्यात त्यांनी 'नुसता चहा' काढलं.

आता यावर कुणाला वाटेल की भावांचं बोलणं तुटलं. तसं काही झालं नाही, आणि हेच जास्त वाईट होतं. दिवाळीला, पोळ्याला काका बायकोला घेऊन अण्णांच्या घरी जायचे. गप्पा व्हायच्या, जेवणं व्हायची, गुडघ्यांच्या औषधांची देवाणघेवाण व्हायची. फक्त चहाचं नाव निघायचं नाही. आपल्याकडे दारी आलेल्या पोस्टमनलाही चहा विचारतात, पण त्या घरात काका उठायला लागले की वहिनी निमूट ताकाचा पेला आणून ठेवायच्या. आणि अण्णांनी काकांच्या दुकानाची पायरी कधी चढली नाही. दोन्ही दुकानांच्या मध्ये म्हणाल तर फक्त चादरघाटचा पूल.

इकडं काकांचं ते 'शिजवून मारतो'चं वाक्य मात्र फार चाललं. दुकान सुरुवातीला ओस असायचं. मग बघता बघता जगभर या चहाचं वेड पसरलं आणि त्याची लाट आमच्या गल्लीपर्यंत आली. दिलसुखनगरच्या क्लासमधली पोरं यायला लागली, आमच्या कंपन्यांमधली पुण्या-मुंबईची मंडळी यायला लागली. त्यांना कोवळ्या कळ्यांचा पांढरा चहा माहीत असायचा, तैवानचा अर्धवट आंबवलेला माहीत असायचा, जपानी हिरव्या भुकटीचे तर फोटोच फोटो. काका एकेकाला किटलीसमोर बसवून नीलगिरीच्या बाईची गोष्ट सांगायचे आणि शेवटी ते वाक्य टाकायचे. पोरं हसायची, मोबाईलवर टिपून घ्यायची. पुढं पुढं तर नवीन माणूस आला की जुनाच फर्माईश करायचा, "अंकल, वो डायलॉग!" काका खुशीत डायलॉग मारायचे. मला ते ऐकताना दर वेळी बरं वाटायचं नाही, कारण कोपऱ्यात हमीदभाई मान खाली घालून बसलेले दिसायचे. ते वाक्य दुसऱ्या दिवशी सकाळी पुलापलीकडे पोचत असणार, हे काकांना कळत नव्हतं असं मला वाटत नाही. पण टाळी मिळाली की माणसाचा तोल जातो, आणि काका माणूसच होते.

मग एका संक्रांतीला त्यांनी एक गंमत केली. नीलगिरीहून नुकत्याच आलेल्या चहातला सर्वांत उत्तम भाग एका डब्यात भरला, वर तिळाचे लाडू ठेवले आणि हमीदभाईंच्या हाती अण्णांकडे पाठवला. सोबत कसा करायचा याची एक ओळही नाही. "अण्णांना मी शिकवायचं? पान दिसलं की हात आपोआप हलका होतोय," म्हणाले. दोन दिवस नुसते दाराकडं डोळे लावून बसले.

तिसऱ्या दिवशी हमीदभाई आले.

"काय म्हणाले अण्णा?"

"क्या बोलूं मनोहरभाई. अण्णा पूरा डब्बा दम पे चढा दिये."

"दमावर?"

"आटा लगा के. फिर दूध डाले. रंगच नै आया. और पत्ती डाले, तो बी नै आया."

जगभरातले शौकीन ज्या पानांची वर्षभर वाट बघतात, ती मलकपेठेत कणकेच्या लेपाखाली तासभर रटरटली होती. मला हसू आवरेना. हमीदभाई म्हणाले, "रुको बाई. अभी बात खतम नै हुई." आणि बाहेर उभ्या रिक्षातून त्यांनी एक भरलेली गोणी उतरवून घेतली.

अण्णांना वाटलं होतं, आपल्या धाकट्या भावाला कुणीतरी व्यापाऱ्यानं फसवलंय. एवढी फिकी, निःसत्त्व पत्ती त्याच्या गळ्यात मारलीय आणि हा भोळा ती लोकांना पाजतोय. म्हणून त्यांनी आपल्या कोठीतली सर्वांत कडक पत्ती स्वतः पाखडून, निवडून, गोणी शिवून धाडली होती. निरोप होता: "मन्याला सांग, लाजू नको. ही वापर."

काकांनी गोणीवरून हात फिरवला. त्या दिवशी संध्याकाळी कुणीतरी डायलॉगची फर्माईश केली तेव्हा ते म्हणाले, "आज घसा बसलाय." त्यानंतर त्यांचा घसा कायमच बसलेला राहिला.

गोणी गेली कुठं, हे मला पुढं एका सकाळी समजलं. ऑफिसच्या गाडीसाठी मी लवकर खाली उतरले होते. 'नुसता चहा'चं शटर अर्धं खाली होतं आणि त्याखालून असा वास येत होता की मी रस्ता ओलांडून वाकून बघितलं. शेगडीवर पातेलं, पातेल्यावर झाकण, झाकणाला कणीक. शेजारी दूध आटत होतं. काका स्टुलावर बसून बशीतून चहा पीत होते. मिशीला साय लागलेली.

"पकडलं," मी म्हटलं.

"या आत. शटर तसंच राहू द्या." त्यांनी मलाही कप भरून दिला. दूध, साखर, सगळं. "अण्णांनी निवडून धाडलंय. मी टाकू कुठं?"

"कसा झालाय?"

"आबांच्या हातचा झालाय," ते म्हणाले, आणि त्यांनी बशी पुन्हा भरून घेतली.

मग मी पुणेरी शहाणपणा केलाच. म्हटलं, "काका, मग जाऊन सांगा ना अण्णांना. एवढं काय त्यात?"

त्यांनी बशी खाली ठेवली. "बाई, मी ते भर हॉटेलात बोललो. आबांचे जुने गिऱ्हाईक बसले होते, त्यांच्यापुढं बोललो. आता घरात कोपऱ्यात जाऊन चुकलो म्हणलं तर ते चोरून म्हणल्यासारखं होतंय. चारचौघांत बोललेलं चारचौघांतच मागं घ्यायला पाहिजे. त्यांच्या हॉटेलात मला तोंड नाही, आणि माझ्या दुकानात अण्णा येत नाहीत." मग बशीकडं बघत म्हणाले, "ते वाक्य घेऊन मी वर जाणार का काय, एवढीच भीती वाटायलीय."

त्या गोल, हट्टी माणसाला मी पहिल्यांदाच घाबरलेलं बघितलं. मला त्यांच्याबद्दल फार माया वाटली.

दरम्यान माझी पुण्याला बदली झाली. निघायच्या आदल्या रविवारी काकांनी मला मुद्दाम बोलावलं. नीलगिरीचा नवा चहा आला होता. त्या बाईचा जवळजवळ सगळा माल आता परदेशातच जायचा, पण काकांचा वाटा ती आठवणीनं बाजूला काढायची. दुकान गच्च भरलं होतं. पोरं जमिनीवर बसली होती. काका किटल्या मांडत होते, तेवढ्यात एका पोरानं आवाज दिला, "अंकल, आज तो सुनाओ! शिजवून मारतो!" सगळे हसले.

आणि त्याच वेळी दारात अण्णा उभे होते.

मी त्यांना आधी कधी बघितलं नव्हतं, तरी ओळखलं. तोच गोल चेहरा, वर पांढरे केस, हातात काठी. मागं हमीदभाई. पायरीच्या खालीच थांबून अण्णा म्हणाले, "मी आत येत नाही. ती पत्ती कशी निघाली तेवढं सांग. कधीची धाडली, तुझा काही निरोपच नाही. हमीदला विचारावं तर हा बोलंना."

पोरांना काही कळलं नव्हतं, पण काहीतरी आहे एवढं कळलं होतं. काकांनी पंच्याला हात पुसले, पुन्हा पुसले.

"अण्णा," ते म्हणाले, "थांबा जरा." मग पोरांकडं वळले. "ह्या पोरानं आत्ता जे म्हणलं, ते मी तुम्हाला लई वेळा ऐकवलंय. ते मी पहिल्यांदा ह्यांच्या तोंडावर बोललो. भर हॉटेलात. हे माझे थोरले भाऊ. ते बोलणं खोटं आहे. मी त्याच चहावर वाढलोय, आमचं सगळं घर त्याच चहावर उभं राहिलंय. मला नवीन चहा गावला म्हणून जुना मेला, असं होत नाही. माझं चुकलं." मग अण्णांकडं बघून म्हणाले, "पत्ती आबांच्या हातच्यासारखी निघाली, अण्णा. रोज सकाळी दमावर लावायलोय."

अण्णा काठीवर रेलून उभे होते.

"दमावर? कणीक लावून?"

"हौ."

"दूध कसलं?"

"म्हशीचं."

"आच मोठी करत नाहीस ना?"

"नाही, अण्णा."

"मग ठीक आहे," अण्णा म्हणाले. त्यांनी पायरीशी चपला काढल्या. चहाच्या दुकानात कुणी चपला काढत नाही, पण त्यांनी काढल्या आणि आत येऊन टेबलाशी बसले. इकडच्या बरण्या, तिकडचे फोटो बघून घेतले. "आता तुझं काय ते दाखव. वन बाय टू लाव. आख्खा मला जात नाही."

'वन बाय टू' नाही, हा दुकानाच्या जन्मापासूनचा नियम होता. काका "हौ, हौ" करत किटली गरम करायला धावले.

त्यांनी सगळं नेहमीप्रमाणं केलं. किटली विसळली, चष्मा खाली घेतला, पानं घातली, नाक आत घातलं, पाणी ओतलं, वाळूचं घड्याळ उलटं केलं. फक्त "गप बसा" म्हणायचं राहिलं. कारण अण्णांनी विचारलं की पातेल्याला कल्हई कधी केलीस, आणि काका सांगायला लागले. तिथून बोलणं दुधावर गेलं, दुधावरून आबांच्या जुन्या भांड्यावर, भांड्यावरून त्या इराण्यावर, जो आबांना शिव्या घालत घालत शिकवायचा. दोघंही एकमेकांचं बोलणं तोडत हसत होते. मी किटलीकडं बघत होते. पानं उठली, उमलली, हळूहळू खाली बसली. वाळू केव्हाच सरली होती. पाण्याचा रंग सोनेरी होऊन गेला, तांबडा झाला, काळपट झाला. शेजारच्या मुलीनं काकांना हाक मारायला हात उचलला, तो हमीदभाईंनी धरून खाली ठेवला.

अखेर काकांची नजर किटलीवर गेली. असल्या किटल्या त्यांनी मोरीत ओतलेल्या मी कितीदा बघितल्या होत्या. पण त्यांनी तोच चहा दोन पेल्यांत अर्धा अर्धा ओतला.

अण्णांनी फुंकर घातली, एक घोट घेतला, तोंडात घोळवला. दुसरा घेतला.

"हां," ते म्हणाले. "ह्याला म्हणायचं चहा. मागं धाडलास तो फिकाच होता, मन्या."

"हौ, अण्णा," काका म्हणाले, आणि तो कडूजहर चहा त्यांनी शेवटच्या थेंबापर्यंत प्यायला.